काकांनी गिरवलेली सही

वादातल्या सह्या तपासणं हे माझं काम. इकडं हिंदी मुलखात, नेपियर टाउनमध्ये एका दवाखान्याच्या वर माझी खोली आहे. तिथं भिंग, मायक्रोस्कोप आणि रोजची किटकिट. या कामाला डोकं थंड लागतं म्हणतात. माझं नाही, काय करता!

शहराच्या रांझी भागात राहणाऱ्या एका काकांची केस आली तेव्हा तर ते पार भडकलं. काका फॅक्टरीतून रिटायर झालेले, आपल्याच नागपूरकडच्या घरातले. एका जमीन-दलालानं त्यांच्यावर दावा लावला होता: यांनी घर विकायचं ठरवून माझ्याकडून बयाणा घेतला, हमी म्हणून हा सही केलेला चेक दिला, आता घर माझ्या नावावर करा. चेक काकांच्याच चेकबुकातला, केव्हा फाडून नेला कोण जाणे. पण त्यावरची सही माझी नाही, असं काका म्हणत होते. सही त्यांची ठरली की घर गेलं, इतकं सरळ.

कोर्टानं काकांकडून नमुन्याच्या सह्या करून घेतल्या. दलालाच्या बाजूच्या तज्ज्ञानं लिहून दिलं, नमुने मुद्दाम बदलून केले आहेत, हा माणूस लपवाछपवी करतो आहे. काकांच्या बाजूनं मीही भिंग लावलं. खरंच, एकेक अक्षर थांबून थांबून काढलेलं. आपली सही अशी कोणी करत नाही.

मी काकांना बोलावून घेतलं. "काका, खरं सांगा. ह्या सह्या अशा काहून केल्या?"

त्यांनी पिशवीतून एक वही काढली. पानंच्या पानं सह्या! "आठ दिवस प्रॅक्टिस केली ना, ताई. आपले वकीलसाहेब म्हणाले, कोर्ट में साफ-सुथरी करना. जजसाहेबांसमोर गिचमिड बरी दिसते का?"

घ्या! खरं बोलणारा माणूस, नीट दिसावं म्हणून स्वतःचीच सही गिरवत बसला, आणि त्यापायीच खोटा ठरून राहिला होता. त्यांच्या वकिलाला फोन करून मी जे बोलले ते इथं लिहिण्याजोगं नाही. फी मागताना बरी जीभ चालते. 'नेहमीसारखी करा' एवढं सांगायला काय झालं होतं?

मग अर्ज करून बँकेतून चेक ज्या वर्षीचा त्याच वर्षीच्या पैसे काढायच्या स्लिपा मागवल्या. त्यांवर काकांची रोजची सही होती, घाईची, शेवटचं अक्षर अर्धवट सोडलेली. आणि एक गोष्ट सापडली. काका पहिलं अक्षर खालून सुरू करतात. स्लिपांवर तसंच, आणि कोर्टात गिरवून केलेल्या सह्यांतही तसंच. चेकवरची सहीही थांबून थांबून काढलेली होती, पण तिच्यात मात्र ते वरून सुरू झालं होतं.

उलटतपासणीत समोरचा वकील हसत हसत म्हणाला, "मैडम, रुकावट चेक में भी है, नमूनों में भी. तो हाथ एक ही हुआ ना?" वर आणखी, "आप भी मराठी, वो भी मराठी. अच्छा है!" मागच्या बाकावरचे लोक खिदळले. माझी कानशिलं तापली. "वकील साहब, माइक्रोस्कोप को मराठी नहीं आती," मी म्हटलं, आणि ते पहिलं अक्षर जजसाहेबांना मोठं करून दाखवलं. काका खाली मान घालून बसले होते. आयुष्यभर कोणाची सुई न उचललेला माणूस असा चोरासारखा बसलेला पाहून मला रडू आलं, संतापाचं.

निकाल काकांच्या बाजूनं लागला. घर वाचलं. आठवड्यानं ते आपले कागद न्यायला आले. पोच म्हणून मी रजिस्टर उघडून पेन पुढे केला. त्यांनी तो घेतला, कागदावर टेकवला आणि तसेच थांबले.

"ताई, शाईचं पॅड आहे का?"

"काहून?"

"माझा बाप अंगठा लावे. घरात पहिली सही मी केली. फॅक्टरीत पगाराला रुबाबात करायचो." त्यांनी पेन खाली ठेवला. "आता हातच चालत नाही. कोणती माझी, तेच समजून नाही राहिलं."

मी पॅड दिलं. त्यांनी अंगठा लावला, नीट, दाबून. ते जिना उतरून गेले, आणि मग मी ते रजिस्टर भिंतीवर फेकून मारलं.