सेर्वेचे कान

शेरात गावाच्या चढावरच्या गल्लीत ओदीलला सगळे पोपटीण म्हणायचे. अर्थात तिच्या पाठीमागे. दारात उभं राहून कोणी म्हणालं, "आज धुकं फार," की ओदील वळायची, चेहरा खिडकीच्या उजेडात आणायची, ओठ हे एवढे मोठे करायची आणि कामाच्या मेजावर वाकलेल्या नवऱ्याला सांगायची, "बाबेत म्हणते, आज धुकं फार." मग सेर्वे मान वर करून म्हणणार, "हो ना, नदीसुद्धा दिसत नाही." जणू बाबेत दारात नव्हतीच, पलीकडच्या डोंगरावरून बोलत होती.

बाबेत म्हणजे टोपलीवाली. खालच्या शहरातल्या व्यापाऱ्याकडून पिस्तुलांचे सुटे भाग पाठीवरच्या उंच टोपलीत घालून चढ चढायचा, घरोघरच्या कारागिरांना वाटायचे, तयार माल घेऊन पुन्हा उतरायचं, असं तिचं आयुष्य. पाठ वाकली होती, जीभ मात्र ताठ. पंपावर पाणी भरताना ती ओदीलची नक्कल करायची आणि बायका बादल्या खाली ठेवून हसायच्या. "आता बघा हं, सेर्वे मेला," बाबेत सांगायची. "वरून देव म्हणतो, ये बाबा. लगेच ही मध्ये." आणि बाबेतचे ओठ ओदीलसारखे रुंदावत जायचे, भुवया वर, हनुवटी पुढे. "देव म्हणतो, ये बाबा. पण ओदील म्हणते, आधी बूट पूस."

नक्कल इतकी हुबेहूब की पंपावरच्या आंधळ्या म्हातारीखेरीज सगळ्यांना ओदील दिसायची. मागे एकदा ओदील स्वतःच येऊन उभी राहिली आणि तीही हसली. का हसली, ते कोणाला कळलं नाही.

सेर्वे बहिरा होता. हे ओदीलला माहीत होतं आणि सेर्वेला. तिसऱ्या कोणालाही नाही.

कान एकदम गेले नव्हते. आधी पाखरं गेली, मग पाऊस, मग सकाळी ओदील गुडघ्यांत धरून कॉफी दळायची त्या चक्कीची घरघर. तेवढ्याने त्याचं काही अडलं नाही. पण एके दिवशी मेजावर रिव्हॉल्व्हरच्या चक्रीचा आवाज यायचा थांबला आणि सेर्वे घाबरला.

कारण त्याचं सगळं काम त्या आवाजावर होतं. रिव्हॉल्व्हर बनवणारे गावात पुष्कळ. कोणी नळी घासतो, कोणी मूठ बसवतो. सेर्वे चक्री जुळवायचा. घोडा अंगठ्याने मागे ओढला की आतलं एक लोखंडी बोट वर सरकतं आणि चक्रीच्या पाठीवरचा दाता ढकलतं. चक्री फिरते, पुढच्या गोळीचं घर नळीसमोर येतं. तेवढ्यात खालून एक खिट्टी उसळते आणि चक्रीच्या खाचेत बसते, म्हणजे चक्री जागची हलू नये. खिट्टी बसते ती टिक. घोडा मागे अडकतो तो टक. टिक आधी, त्याच्या अंगावरच टक, असं झालं की जुळलं. टक आधी आला तर समजावं, बोट आखूड झालं: घोडा तयार उभा आहे, पण घर नळीसमोर पुरतं आलेलं नाही. अशा पिस्तुलाची गोळी नळीच्या काठावर आपटते आणि शिशाचे कपचे बाजूला उडतात, झाडणाऱ्याच्याच हातावर नाहीतर गालावर. म्हणून बोट मुद्दाम लांब ठेवायचं आणि कानशीच्या एकेका हलक्या हाताने उतरवत आणायचं. एक हात जास्त पडला की बोट भंगारात.

तर ओदील त्याचे कान झाली. ती त्याच्यासमोर बटाटे सोलत बसायची. तो घोडा ओढायचा, ती नुसती पापणी मिटायची, म्हणजे बरोबर. सुरी ताटलीवर ठेवली, म्हणजे अजून घास. पहिल्या वर्षी तिने पुष्कळ बोटं भंगारात घालवली आणि रडली. मग तिचा कान असा तयार झाला की गल्लीतून जाताना ती दुसऱ्यांच्या खिडक्यांशी थबकायची आणि तोंड वाकडं करायची.

आणि ती निरोप पोचवायची. व्यापाऱ्याचा मुकादम जामार महिन्याकाठी यायचा. पोरगेलासा, पण मिशा दाट, गळ्याशी घट्ट कॉलर, प्रत्येक वाक्याच्या शेवटी नाक ओढणारा. "म्हाताऱ्याला सांगा," तो म्हणायचा, "हात चालवा म्हणावं. फूं. इतक्या वेळात कोंबडीसुद्धा चक्री जुळवेल. फूं." ओदील उजेडात चेहरा आणायची. "जामार म्हणतात, काम सुरेख आहे. जरा लवकर मिळालं तर बरं." सेर्वे हसून मान डोलवायचा आणि जामारला वाटायचं, म्हातारा निगरगट्ट आहे.

हिवाळा सरता सरता ओदीलच्या छातीत कफ साठला. ज्या दिवशी तिला पुरलं त्या दिवशी पाद्री काय बोलला, ते सेर्वेला सांगायला कोणी नव्हतं. तो लोकांचे गुडघे बघून बसत होता आणि उठत होता.

घरी मेजावर अर्धं काम पडलेलं. त्याने घोडा ओढून पाहिला. काही नाही. अंगठ्याला धक्का कळत होता, पण टिक कुठली आणि टक कुठला, हे अंगठा सांगेना. चक्री धरून हलवून बघितली. हातही फसवत होता. ओदीलच्या खुर्चीकडे न बघता तो दिवसभर तसाच बसला. हे मेज गेलं तर त्याच्याजवळ दुसरं काही नव्हतं. खाणीत उतरायचं वय गेलेलं. पण पोटापेक्षाही दुसरीच गोष्ट त्याला खात होती: या मेजावर बसलं की समोर ती असायची.

मग कधीतरी डोकं टेकावं म्हणून त्याने हातातल्या पिस्तुलाच्या मुठीवर जबडा टेकवला आणि सवयीने घोडा ओढला.

टिक. टक.

कानातून नाही, हाडातून. दातांच्या मुळांतून वर, डोक्याच्या मधोमध. सेर्वेने पुन्हा ओढला. टिक. टक. इतका स्पष्ट की तरुणपणीही आला नसेल. त्याला पहिल्यांदा वाटलं, ओदीलला हाक मारून सांगावं.

त्या आठवड्यात त्याने टोपलीतला सगळा माल जुळवला, एकही बोट वाया न घालवता. मूठ जबड्याला, कानाच्या खाली. नळी कानशिलाजवळून वर. डोळे मिटलेले, कारण मिटले की जास्त ऐकू यायचं. आणि ते मेज मोठ्या खिडकीशी होतं, सगळ्या कारागिरांचं असतं तसं, उजेडासाठी.

बाबेत चढावरून आली आणि तिने खिडकीतून पाहिलं ते हे.

ती आत घुसली. तो डोळे उघडून हसला, कारण माणूस दिसलं की हसायचं आणि हो म्हणायचं, एवढंच तो एकटा शिकला होता.

"अहो सेर्वे," बाबेत दम खात म्हणाली, "जेवलात का?"

"हो."

"झोप लागते?"

"हो, हो."

बाबेतने टोपली उतरवली आणि हळूच विचारलं, "तिच्यामागे जावंसं वाटतं का हो?"

"हो तर," सेर्वे म्हणाला आणि गोड हसला.

बाबेत पंपावर सांगत होती तेव्हा बादल्या भरून वाहत होत्या आणि कोणी हसत नव्हतं. "हो तर, म्हणाला. जत्रेला येता का विचारावं, तसा." कोणीतरी म्हणालं, अगं, घरात रिकामीच पिस्तुलं असतात. बाबेत उसळली, "या गावात काडतूस मिळायला काय लागतं? तुझी पोरं खिशात घालून गोट्या खेळतात."

दुसऱ्याच दिवशी जामार आला. या वेळी त्याने नाकही ओढलं नाही. टोपी हातात घेऊन तो बोलत राहिला आणि बाबेत मागे उभी राहून पदरासारखा आपला एप्रन चुरगाळत राहिली. "सेर्वेबाबा, तुमच्या भल्यासाठीच. असल्या वस्तू घरात एकट्या माणसाजवळ नकोत. थोडे दिवस विश्रांती घ्या." जामार मिशांआडून पुटपुटणारा, त्याच्या ओठांवरून सेर्वेला एक अक्षर उचलता येईना. पण बाबेत मेजावरचे पिस्तुलांचे सांगाडे फडक्यात गुंडाळून टोपलीत भरू लागली, तेव्हा सगळं कळलं.

आणि का, तेही कळलं. कारण बाबेतची नजर त्याच्या हाताकडून जबड्याकडे आणि पुन्हा हाताकडे जात होती.

सांगावं का? मी ऐकत होतो, एवढंच. पण मग पुढचा प्रश्न येणार: असं का ऐकता? बहिऱ्याला चक्री कोण देईल? तोंडी सांगून कोण मानेल की हाडाला कानापेक्षा चांगलं कळतं? दाखवलं तरच. नमुन्याला एखादं बिघडलेलं पिस्तूल घ्यावं, जामारच्या डोळ्यांदेखत जुळवावं, म्हणजे बोलणंच खुंटलं.

"थांबा," सेर्वे म्हणाला. "दाखवतो." आणि त्याने मेजावरचं शेवटचं पिस्तूल उचलून जबड्याला लावलं.

जामारने त्याच्यावर झेपच घेतली. खुर्ची पडली, कानशींचा डबा सांडला. बाबेत सेर्वेचा दंड धरून रडत होती. सेर्वेच्या गालाला जामारचं कोपर लागून रक्त आलं. एवढ्या गोंधळात त्याला आवाज एकच आला, अगदी नीट: टिक, टक. चांगलं जुळलेलं होतं ते.

टोपली भरून ती दोघं उतरून गेली.

वसंत आला आणि खिडकीत नुसता उजेड पडू लागला. सेर्वे मेज पुसायचा, मेजाच्या काठावरच्या शेगड्याला, वस्तू आवळून धरायच्या त्या लोखंडी पकडीला, तेल द्यायचा, कानशी ओळीने लावायचा आणि पुन्हा उचलून दुसऱ्या ओळीने लावायचा. बाबेत रोज सूप आणून ठेवायची आणि तो हो हो करायचा. एका सकाळी त्याने फळीवरून ओदीलची कॉफीची चक्की काढली. दाणे घातले, ती जबड्याला लावली आणि दांडा फिरवला.

घरघर आली. किती वर्षांनी. दाणा फुटायचा तो आवाज वेगळा, नुसता फिरायचा तो वेगळा. मध्येच दांडा कुरकुरायचा तीही जागा तीच. तो दळत राहिला. दाणे संपले तरी.

डोळे उघडले तेव्हा बाबेत त्याच्या मागून वळसा घालून समोर येत होती. सूप तिच्या हातातून पायांवर सांडलेलं. तोंड उघडं होतं आणि मानेच्या शिरा ताणलेल्या, म्हणजे ती बराच वेळ ओरडत असणार. तिने चक्कीकडे पाहिलं, त्याच्या जबड्याकडे पाहिलं. मग मागे जाऊन तिने दोन्ही हातांनी टाळी वाजवली असावी, कारण मेजावरच्या धुळीला हलकीशी झुळूक लागली. सेर्वे वळला नाही. आता लपवण्यात काही अर्थ राहिला नव्हता.

ती ओदीलच्या खुर्चीवर बसली. पंपावर पोट धरून हसवलेलं सगळं तिच्या चेहऱ्यावरून जात होतं. मग ती उठली आणि टोपलीशिवायच चढ उतरू लागली.

जामार काय म्हणाला ते गल्लीला नंतर कळलं. तो म्हणाला, "बहिरा? फूं. आधीच सांगितलं असतं तर मीही आधीच थांबवलं असतं. चक्री काय जबड्याने जुळवतात?" बाबेतने सांगितलं, सगळं वर्षानुवर्षं तसंच होत आलंय, त्याची बायको ऐकायची. जामार म्हणाला, मग आता बायको आणा.

संध्याकाळी बाबेत परत आली. दारात घुटमळली. मग खिडकीपाशी गेली, चेहरा उजेडात आणला. भुवया वर, हनुवटी पुढे. ओठ रुंदावले, आणि क्षणभर तिथे ओदील होती.

"जामार म्हणतात," बाबेत सावकाश म्हणाली, "काम सुरेख होतं तुमचं. उन्हाळा झाला की बघू."

प्रत्येक अक्षर त्याला पोचलं. हिवाळ्यानंतर कोणाचंही आलेलं हे पहिलंच आख्खं वाक्य. तो तिच्या सुजलेल्या डोळ्यांकडे आणि धुळीने भरलेल्या बुटांकडे बघत राहिला.

"ओदीलसुद्धा," तो म्हणाला, "त्याचं बोलणं असंच सांगायची."

बाबेतचे ओठ तसेच रुंद राहिले, नक्कल मोडायची राहून गेल्यासारखे. सेर्वेने शेगड्याच्या दोन ओठांमध्ये एक फडकं धरलं, धूळ बसू नये म्हणून, आणि दांडा फिरवून तो घट्ट आवळला. मग चक्कीतली कॉफी दोघांसाठी काढली.