मुद्देमालाच्या खोलीतला जॅक

ती घटना आठवली की आजही मला एका जागी बसवत नाही.

तेव्हा मी औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरला, रेल्वे पोलिसांत होतो. यार्डाच्या टोकाला निजामाच्या काळातले दोन लाकडी डबे उभे होते, एक प्रवासी आणि एक मदतगाडीचा. कुठं गाडी घसरली की हा मदतीचा डबा हत्यारं घेऊन धावायचा. आता दोन्ही डब्यांचं हॉटेल होणार होतं. काम सुरू झालं आणि मदतीच्या डब्यातला, डबे उचलायचा जुना जॅक नाहीसा झाला. त्यावर जुन्या रेल्वेची पितळी पट्टी होती. शौकीन लोक अशा वस्तूंसाठी वेडे असतात.

खबऱ्या म्हणाला, "साहेब, चौकीदारानंच इकला." हॉटेलच्या ठेकेदारालाही तेच हवं होतं. चौकीदार पुंडलिकनगरचा, कंत्राटी. गुन्ह्यात नाव आलं की नोकरी गेलीच. त्याला आम्ही रोज बोलावून बसवत होतो आणि त्याचं उत्तर एकच, "म्या नाय घेतला साहेब."

खोटं बोलणारा रोज थोडी भर घालतो. हा घालत नव्हता. गुलमंडीच्या दुकानांपासून भंगारवाल्यांपर्यंत सगळं पालथं घातलं, पण जॅक बाजारात आलाच नव्हता. वरून फोन येत होते, अटक करा म्हणून. माझी झोप उडाली होती.

त्यातच खंडेनवमी आली. ठाण्यात बंदुका पुसून मांडल्या, हळदकुंकू लावलं, झेंडू वाहिला. बाकावरचा चौकीदार बघत होता. मी सहज विचारलं, "तुमच्या डब्यात करायचं का कुणी पूजा?"

"व्हय. पिशोरचे एक मुकादम, मदतगाडीवरनं रिटायर झालेले, दरसाल येतेत. सकाळीच नारळ फोडून जातेत. औंदा नाय आले."

हातातला प्रसाद टेबलावर ठेवला आणि जीप काढायला सांगितली.

मुकादमांच्या ओसरीवर विळे-कोयते मांडले होते आणि मधोमध तो जॅक, झेंडूनं झाकलेला. त्यांनी पळवाट शोधली नाही.

"म्याच आणला साहेब. दिवसाढवळ्या टेम्पोत घातला, कुणी इचारलं सुदिक नाय. ह्याच्यावर डबे उचलून खालची माणसं जित्ती काढलीत आम्ही. त्ये लोक ह्याच्यावर टेबल ठोकणार व्हते."

पूजेला मांडलेली हत्यारं त्या दिवशी हलवत नाहीत. पंचांना घेऊन गेलेला मी, पण माझा हात पुढं होईना. "चौकीदार ठाण्यात बसलाय," एवढंच म्हणालो.

"माझ्यापायी?" मुकादमांनी अक्षता उचलून जॅकवर टाकल्या आणि स्वतःच तो पुढं सरकवला. "न्या. आधी त्याला सोडा."

पंचनामा झाला. चौकीदाराची नोकरी वाचली आणि मुकादम आरोपी झाले.

चोरीचा माल कुठं विकला जाईल हे आम्हाला शिकवलेलं असतं. तो विकायला कुणाचं मन धजणार नाही, हे त्या प्रकरणापासून मी आधी विचारू लागलो. पण तेवढ्यानं माझं समाधान होत नाही. कायद्यानं ती चोरीच होती आणि मी केलं ते बरोबरच होतं, तरी कोर्टात तारखेला मुकादम भेटले की मला त्यांच्याकडं बघवत नसे. ते दरवेळी एकच विचारत, "जॅक बरा हाय ना साहेब?"

निवृत्तीआधीच्या शेवटच्या खंडेनवमीला, बंदुकांची पूजा झाल्यावर, मी मुद्देमालाची खोली उघडायला लावली. सीलला धक्का न लावता जॅकवर हळदकुंकू वाहिलं.

पुढच्या तारखेला मुकादमांनी नेहमीचं विचारलं. म्हणालो, "औंदा पूजा झाली त्याची."

ते माझ्या शेजारी बाकावर येऊन बसले.