मिनेतची मावशी

मावशींना गप्प पडदा बघवायचा नाही. कोबेतल्या आमच्या वस्तीच्या सभागृहात महिन्यातून एका रविवारी दुपारी जुने मूकपट लावत, आणि पडद्याशेजारी छोट्या दिव्याखाली इरकल नेसून उभ्या मावशी सगळ्या पात्रांचं बोलत. असं बोलणाऱ्याला इथे बेन्शी म्हणतात. मावशींचं जपानी अस्खलित, पण पडद्यावर कुणी धडपडलं की तोंडून हमखास "अगं बाई!" निघायचंच. समोरच्या म्हाताऱ्या मंडळींना त्याची इतकी सवय झाली होती की एखादी आजी मावशींच्या आधीच "आगाबाई" म्हणून मोकळी व्हायची. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी खुर्चीतून पडायचीच राहिले. परक्या गावात, परक्या भाषेत, मध्येच सांगली!

सांगलीच्याच त्या. इथल्या एका भारतीय पेढीत टायपिस्ट म्हणून आल्या आणि मोरी-सानांशी लग्न करून इथल्या झाल्या. खरे बेन्शी मोरी-सान. ते वारल्यावर मावशींनी त्यांची संवादांची वही उचलली. "माणूस गेला म्हणून पडद्यावरच्यांनीही तोंड मिटायचं की काय?" असं म्हणून उभ्या राहिल्या, त्या राहिल्याच.

पडद्यावरच्यांत त्यांची लाडकी एकच, मिनेत. सिनेमा नुकता चालायला लागला होता, तेव्हाची ही फ्रेंच नटी. मोरी-सानांना योकोहामाच्या एका भंगारवाल्याकडे तिची दोन रिळं सापडली होती. रीळ लावण्याआधी मावशी तिची कहाणी सांगायच्या, माहेरची गोष्ट सांगावी तशा. पॅरिसमधल्या एका धोबिणीची लेक. सर्कशीत कोलांट्या मारायची. जिन्यावरून गडगडत येऊन खाली हसत उभी राहते म्हणून सिनेमावाल्यांनी उचलली. मग काय, दहा-दहा मिनिटांच्या कितीतरी चित्रांत तिने बशा फोडल्या, नळ उघडे टाकून घरं बुडवली, छपरांवरून पळाली. त्या काळी पडद्यावर नटांची नावंच देत नसत. लोक तिला मिनेत म्हणत. आईबापांनी ठेवलेलं नाव कुणी विचारलंही नाही.

"मेलीला पडायची भारी हौस," मावशी कौतुकाने म्हणायच्या. आणि पुढचं सांगताना त्यांचा आवाज खाली यायचा. लढाई आली, स्टुडिओ बंद पडले. लढाई संपली तोवर लोकांना मोठ्या डोळ्यांच्या, नाजूक नायिका हव्या होत्या. मिनेतचा गुडघा कामातून गेलेला. मग बोलपट आले, आणि हिचा आवाज घोगरा! ज्या स्टुडिओच्या चित्रांना तिच्यामुळे गर्दी लोटायची, तिथेच कपडेपटात बसून ती दुसऱ्या नट्यांच्या झग्यांना बटणं लावत राहिली.

"मावशी, हे सगळं खरं?" मी एकदा विचारलं.

"मोरींनी कात्रणं जमवली होती, त्यात आहे तेवढं खरं. बटणं लावताना तिच्या पोटात तुटत होतं, हे कुठे छापत नाहीत गं. ते माझं."

मी पुण्याहून नवऱ्याच्या नोकरीपायी आलेली. माझं जपानी कोंबिनीपुरतं, म्हणजे कोपऱ्यावरच्या दुकानापुरतं. पिशवी नको, गरम करून द्या, संपलं. माझी लेकसुद्धा मला दुकानात गप्प करते, "आई, तू नको बोलूस." असं असताना मावशींनी त्यांच्या स्वयंपाकघरात, समोर पोहे ठेवून, मला काय सांगावं? त्यांच्या घशात गाठ निघाली होती. डॉक्टर स्वरयंत्रच काढणार होते. तीन आठवडे हातात होते.

मला रडू फुटलं. मावशी चिडल्या. "माझं राहू दे. सत्तर वर्षं बोलले, थोडं झालं का? पण त्या बाईला एकदा मुकी करून झालंय. दुसऱ्यांदा नाही करायची. तू बोल."

"मी? मावशी, हसतील हो लोक!"

"हसू देत. ती हसवायलाच पडत होती."

तीन आठवडे मी रोज जात होते. मोरी-सानांची वही मी देवनागरीत उतरवून घेतली. मावशी दर वाक्याला अडवायच्या. "वहीत काय बघतेस? तिच्याकडे बघ. तिने मान वळवली की बोल." त्यांचा आवाज दिवसेंदिवस फाटत होता आणि त्या चहा पीत पीत तो उधळत होत्या. शस्त्रक्रियेच्या आदल्या दिवशी शेवटचा शब्द बोलल्या तोही माझ्यावर खेकसून: "घाई!"

पुढे मावशींच्या हातात लिहायची-पुसायची पाटी आली.

खेळाच्या रविवारी वीस-पंचवीस मंडळी होती. मावशी गळ्याला रुमाल बांधून पहिल्या रांगेत. मिनेतने पहिली बशी फोडली आणि मी कशी कोण जाणे बोलत सुटले. उच्चार वाकडे, व्याकरणाचा आनंद. लोक हसत होते, तिला आणि मलाही.

शेवटचा प्रसंग असा. मिनेत मोलकरीण असते, मालकीण तिला हाकलून देते. ट्रंक घेऊन ती दारात येते, वळते आणि काहीतरी म्हणते. काय ते कुणालाच माहीत नाही. तिथली संवादाची छापील अक्षरं रिळातून कधीच गळून गेलेली. मोरी-सानांच्या वहीत तिथे एकच शब्द होता, सायोनारा. सगळ्यात सोपा शब्द, आणि मी वहीकडे न बघता तिच्याकडे बघत बसले. ट्रंक तिला पेलत नव्हती. घर सोडून जाणाऱ्या बाईने "जाते" म्हणायचं नसतं, हे आपल्या हाडात मुरलेलं. माझ्या तोंडून निघालं, "इत्तेकिमास."

म्हणजे, जाऊन येते. माझी लेक रोज सकाळी शाळेला निघताना म्हणते तेच. हाकलून दिलेली मोलकरीण कुठली परत यायला! मला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं.

मागच्या रांगेतून एका आजोबांचा आवाज आला, "इत्तेराश्शाई." जाऊन ये. मग एक आजी म्हणाल्या. मग सगळेच म्हणाले. पडद्यावर मिनेत दाराबाहेर पडली.

दिवे लागले. मी मान खाली घालून मावशींपुढे मोरी-सानांची वही धरली. नवऱ्याचं हस्ताक्षर त्या पदराने पुसून ठेवायच्या, कुणाला बोट लावू द्यायच्या नाहीत. त्यांनी पेन मागितलं, सायोनारावर सरळ काट मारली आणि शेजारी माझा शब्द लिहिला. मग पाटी घेऊन लिहिलं, "पुढच्या वेळी जरा मोठ्याने."

पुढच्या वेळी पहिल्या रांगेतली त्यांची खुर्ची रिकामी होती. मी मोठ्याने म्हटलं.