मथुरेने पडद्यावरून मागितलेले सोडे

मथुरा,

मूकपटांवरचं जाडजूड पुस्तक चाळलं. तुझं नाव कुठेच नाही. म्हणून मीच लिहायला बसले. मध्येमध्ये बोलू नकोस.

तू हर्ण्याच्या बंदरावर मासळी विकणाऱ्या गोदूबाईची लेक. सव्वीस साली एक सिनेमा कंपनी समुद्रातल्या किल्ल्याचं चित्रण करायला आली, त्यांच्या नायिकेला होडीत बसताच बोट लागली आणि तिच्या जागी तुला उभी केली. तू त्यांच्याबरोबर मुंबईला गेलीस. गोदूबाईने तुझं नाव टाकलं. कुणी विचारलं तर म्हणे, "मला लेक नाय." तुझी पत्रं थेट चुलीत. मला मात्र प्रत्येक पत्रात तुझं एकच, "आयेला बोलती कर."

मी गावच्या शाळामास्तरांची मुलगी, तुझी मैत्रीण, मुंबईला कॉलेजात. एकोणतीसच्या नाताळात घरी आले, तर हर्ण्याला तंबूतला सिनेमा लागलेला, तोही तुझा. देवाचा आहे असं धडधडीत खोटं सांगून गोदूबाईला नेलं.

पडद्यावर तू राणी. राजा वनवासाला निघालेला, तू ऊर बडवतेस. पाटी आली, "प्राणनाथ, आता मी कशी जगू?" आणि अख्खा तंबू खो खो हसत सुटला! मासळीच्या लिलावात गलका एवढा, की आपल्या बायका भाव ओठांवरूनच वाचतात. डायरेक्टर म्हणाला असेल, काहीही बोल, पण रड. तू बोलत होतीस, "आये, सोडे धाड गो! हितं डाळ खाऊन जीव इटला!"

गोदूबाई ताडकन उठली. "हसताय काय मेल्यांनो? माझी पोर उपाशी हाय तिकडं!"

मी निघाले तेव्हा तिने घरी कोलंबी सोलून वाळवलेल्या सोड्यांचं गाठोडं माझ्या हातात कोंबलं. "तिच्या हाती दे. नि सांग, शिमग्याला घरी ये."

गाठोडं वसतिगृहातल्या सहा जणींनी चार दिवसांत फस्त केलं. सातवी मी. रिकाम्या हाताने तुझ्याकडे कुठे येऊ? निरोप पोस्टकार्डावर लिहून मोकळी झाले. सोड्यांबद्दल अक्षर नाही.

पुढे बोलपट आले, कंपनीला तुझी बोली चालेना. तू ट्रंक उचलून परत आलीस, लिलावाला उभी राहिलीस आणि वीस वर्षं बंदर दणाणून सोडलंस. ते सगळ्यांना ठाऊक आहे. शिमग्याचं कुणाला ठाऊक नाही.

निरोप मिळाला त्याच शिमग्याला तू आलीस, मीही घरी होते. गोदूबाईने तुला जवळ घेतलं, गालांवरून हात फिरवला आणि विचारलं, "सोडे पुरले गो?"

तू माझ्याकडे पाहिलंस. मी आढ्याकडे.

"पुरले की, आये. झ्याक होते."

बाहेर येऊन माझा कान पिरगळलास. "माझे सोडे मला पायजेत. बाजारचे नाय. तू सोलायचे, तू वाळवायचे."

"मे महिन्यात देते," म्हटलं. मग परीक्षा, नोकरी, लग्न, बदल्या. कोलंबी आजवर काही सोलली नाही.