डोक्यावर ओतलेलं पाणी

चूक माझी होती, आणि ती मी चहाच्या टपरीवर हसत हसत केली.

यंत्रमागांच्या गल्लीतल्या आमच्या चाळीतली एक खोली मी मिशनच्या सिस्टरना दिली होती. कारखान्यात कांड्यांवर सूत भरायला जाणाऱ्या बायका ड्युटी सुटेपर्यंत आपली लहान मुलं तिथं ठेवत. सिस्टर वसईकडच्या, वयानं माझ्या आईएवढ्या. एकदा जाता जाता दारातून दिसलं, मुलं माना खाली घालून रांगेत बसलीत, सिस्टर एकेकाच्या डोक्यावर मगानं पाणी ओततायत आणि काहीतरी पुटपुटतायत.

टपरीवर मी म्हणालो, "आज आमच्या खोलीत सगळी पोरं बाटवली वाटतं."

सगळे हसले. एकानं विचारलं, "खरं हाय का?" मी नाही म्हणालो नाही. चहा पीत राहिलो.

संध्याकाळी गावातली माणसं खोलीपुढे जमली. "ए बाई, पोरांना बाटवतेस काय?"

"उवांचं औषध धुतेय," सिस्टर म्हणाल्या. "डोळ्यांत जाऊ नये म्हणून डोळे मिटा, डोळे मिटा म्हणतेय. तुमच्या डोक्यात असतील तर तुम्हीही बसा रांगेत."

मागे कुणीतरी फिसकन हसलं. त्यानं जमलेले लोक जास्तच भडकले. मला म्हणाले, "शेट, कुलूप घाल." आणि मी घातलं. माझ्या हातानं.

या लोकांचा मला आजही संताप येतो. ही मुलं कापसाचा भुगा नाकातोंडात घेत वाढत होती, तेव्हा यांच्यातला एकही कधी त्या गल्लीत फिरकला नव्हता. आयांना तर कुणी विचारलंच नाही. पण त्यांना आग लावायला काडी मी पुरवली होती. दार उघडं होतं. आत जाऊन विचारायला मला काय झालं होतं?

दुसऱ्या दिवशी माझ्या कारखान्यात गेलो तर कांडी मशीनच्या पायाला एक दीड-दोन वर्षांची मुलगी ओढणीनं बांधलेली. मशीनचा पट्टा तिच्या हातापासून वीतभर अंतरावर फिरत होता.

मी तसाच परत फिरलो, कुलूप काढलं आणि सिस्टरना गाठून त्या पोरीचं सांगितलं, माफी मागायला लागलो. त्यांनी मध्येच थांबवलं.

"मी मिशनरीच आहे, भाऊ. ते कधी लपवलं नाही. लोक संशय घेणार, हे धरूनच घर सोडलं. माझं सोडा. त्या पोरीच्या आईला सांगितलंत का?"

ती आई उत्तर प्रदेशातली. मशीन थांबवली तर मजुरी जाते, म्हणून तिच्या शेजारी उभा राहूनच बोललो. खडखडाटात तिला ऐकू येईना.

"क्या सेठ?"

मग ओरडावं लागलं. खात्यातल्या सगळ्या बायका वळून बघायला लागल्या.

"भाभी, वो बात झूठी थी! मैंने उड़ाई थी! कमरा खुला है, बच्ची को ले जाओ। मुझे माफ कर दो!"