साहेबांच्या डायरीतला गाळलेला दिवस

त्या उन्हाळ्यात मी एका जपानी नौदल कमांडरची युद्धकाळातली डायरी मराठीत आणत होते आणि माझी मुलगी जर्मन नौदलात जायचं म्हणत होती. दोन्ही गोष्टी जेवणाच्या एकाच टेबलावर चालल्या होत्या.

जपानी मी पुण्यात शिकले. तेव्हा पुण्यात अर्धे लोक जर्मन शिकायचे आणि उरलेले जपानी. मी आधी जपानीवाल्यांत होते, लग्नानंतर जर्मनवाल्यांत आले. इथे जर्मनीत, श्टुटगार्टजवळच्या ब्योब्लिंगेनमध्ये माझं पोट चालतं ते यंत्रांच्या माहितीपुस्तिकांवर. कुठला बोल्ट किती आवळायचा, हे जपानीतून जर्मनमध्ये सांगायचं. डायरी हे पुण्यातल्या एका प्रकाशकाचं काम. बदल म्हणून घेतलं.

कमांडर काही गाजलेला माणूस नव्हता. दक्षिणेकडच्या मच्छीमार गावातला मुलगा, नौदलाच्या शाळेत गेला, विनाशिकेवर चढला. युद्धाच्या शेवटी शेवटी त्याच्या हाती किनाऱ्यावरचा एक तळ आला. तिथून स्फोटकं भरलेल्या लहान बोटी निघायच्या, परत न येण्यासाठी. बोटीत बसणारी मुलं अठरा-एकोणीस वर्षांची. तो स्वतः वाचला. पुढे डोंगरउतारावर संत्र्यांची बाग केली आणि डायरीबद्दल घरात चकार शब्द काढला नाही. त्याच्या मुलीने ती नंतर छापली.

डायरीत रोज पहिली ओळ हवेची. मग दातांची, कारण त्याचे दात फार दुखायचे. मग जेवण. आणि त्यातच कुठेतरी, तेवढ्याच लांबीच्या वाक्यात, आज कोण गेलं ते. प्रकाशकाचा फोन आला की तो म्हणायचा, "मॅडम, ती हवा तेवढी काढून टाका."

माझे सासरे दर उन्हाळ्यात तीन महिने आमच्याकडे असतात. सगळी नोकरी त्यांनी भारतीय नौदलात, इंजिनरूममध्ये केली. जेवताना मी दिवसभराचं काम वाचून दाखवायचे आणि ते जहाजावरचे शब्द दुरुस्त करायचे. "जहाज खाडीत बांधलं" असं मी वाचलं, तर त्यांचा हात वर.

"अगं, म्हैस आहे का ती? नांगर टाकला म्हण."

कमांडरला ते साहेब म्हणायचे. पहिला घास घेण्याआधी विचारायचे, "काय, आज साहेबांची दाढ काय म्हणतेय?"

मुलगी इथेच जन्मली. मराठी सगळं समजतं, उत्तर जर्मनमध्ये येतं. आबिटूर, म्हणजे इथली बारावी, झालं आणि आठवडाभरात तिने जाहीर केलं की तिला नौदलात अधिकारी व्हायचंय. मी तोंड उघडायच्या आत सासऱ्यांनी विचारलं, "इंजिन की डेक?" मी त्यांच्याकडे बघितलं. ते पोळीचा तुकडा मोडण्यात गुंतले.

तिला अठरा पूर्ण व्हायला काही महिने होते, त्यामुळे आईवडील दोघांच्या सह्या हव्या होत्या. नवऱ्याने करून टाकली. "ती ऐकणार आहे का आपलं?" म्हणाला आणि सायकल घेऊन बाहेर पडला. राहिली माझी. पुढच्या आठवड्यात तिला श्टुटगार्टला निवडचाचणीसाठी जायचं होतं.

मला एका जागी बसवेना. तळघर आवरलं. खिडक्या पुसल्या. हिवाळ्याचे बूट जुलैमध्ये पॉलिश केले. आमच्या इमारतीत जिना झाडायची प्रत्येक घराची आठवड्याची पाळी असते, केअरवोखं. ती आमची नसताना मी दोनदा जिना झाडला. खालच्या मजल्यावरच्या बाई दार उघडून म्हणाल्या, या आठवड्यात माझी पाळी आहे. आवाजात राग होता, आणि बरोबरच होतं. इथे दुसऱ्याची पाळी झाडणं म्हणजे तुम्ही नीट झाडत नाही असं सांगणं.

मग मी साहेबांना कामाला लावलं. मी नेहमी क्रमाने अनुवाद करते, पण आता मधलं युद्ध सोडून थेट शेवटच्या महिन्यांवर गेले आणि रोज संध्याकाळी तेच वाचू लागले. निघण्याआधी नखं कापून घरच्यांसाठी पाकिटात ठेवणारी मुलं. बोट सुरूच न झाल्याने परत आलेला आणि चार दिवसांनी पुन्हा गेलेला मुलगा. मुलगी ऐकायची, आमटी अजून मागायची, ताट उचलून ठेवायची. परिणाम शून्य.

सासरे मात्र कान देऊन ऐकत होते. शुक्रवारी त्यांनी चष्मा वर ढकलला.

"एक दिवस गायब आहे."

"कुठला?"

"काल तू मंगळवार वाचलास, आज गुरुवार. बुधवार कुठे गेला?"

"लिहिला नसेल त्याने. दाढ दुखत होती ना."

"खुळी की काय! दात पडला, पाऊस पडला, बॉम्ब पडला, तरी हा माणूस लिहितोय. लॉगमध्ये दिवस सुटत नसतो. काही घडलं नाही तर काही घडलं नाही असं लिहायचं. पुस्तक आण."

पुस्तक शेजारच्या खुर्चीवरच होतं, त्या पानात पिवळी चिठ्ठी. "अजून केलं नाही ते," मी म्हणाले.

"मग आत्ता कर. वाचत वाचत सांग."

मुलगीही माझ्याकडे बघत होती. मी पान उघडलं.

"हवा स्वच्छ. नैऋत्येचा वारा, दुपारनंतर पडला. दाढ सुजलेली, फक्त पेज घेतली."

"पुढे."

"सकाळी फाटकाशी एक बाई आली. दोन गाड्या बदलून. मुलाला भेटायचं म्हणाली. तो आदल्या संध्याकाळी निघाला होता."

सासऱ्यांनी चमचा खाली ठेवला. "तिला सांगायचं नव्हतं," ते म्हणाले. विचारलं नाही, सांगितलं.

"परवानगी नव्हती. तिला पहाऱ्याच्या खोलीत बसवलं. दुपारी मी स्वतः गेलो आणि म्हणालो, तो कामगिरीवर आहे. ती म्हणाली, मग हे त्याला द्या. उकडलेली रताळी होती. शेवटची गाडी चुकू नये म्हणून निघाली." मी पान उलटलं. "रताळी मुलांना वाटली. एक मी खाल्लं. गोड होतं."

"झालं?"

"झालं. पुढे गुरुवार."

मुलीने जर्मनमध्ये विचारलं, "बाकीचे सगळे दिवस तू मला ऐकवलेस. हा का नाही?"

"तो तुझ्यासाठी नव्हता."

"गेनाऊ, बरोबर," ती म्हणाली. "तो तुझ्यासाठी होता."

मी पुस्तक मिटलं. ती पुढे म्हणाली, "तो तिच्याशी खोटं बोलला. मी तुला नेहमी सांगेन मी कुठे आहे ते."

"बाळ, तेवढंच सांगता येत नाही," सासरे म्हणाले. "तुझ्या आजीला मी कुठे आहे ते कधी कळायचं नाही. पत्रावर जहाजाचं नाव, बास."

"उंड आजी? आजीचं काय?"

"आजी? आजी लोणची घालायची. कैरीचं, लिंबाचं, मिरचीचं, आवळ्याचं. बरण्या ठेवायला जागा नसायची. मी सुट्टीवर आलो की संपवायची शिक्षा मला."

ती माझ्याकडे वळली. "आणि तू जिना झाडतेस."

सासरे आधी हसले. मला हसायचं नव्हतं, पण हसू आलं, आणि त्याचा रागही आला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी डिशवॉशर रिकामा करत असताना ती आली आणि उभ्या उभ्या बोलली. या वेळी मराठीत, मोडकंतोडकं. "तू नाही म्हणालीस तर मी अठरा होईपर्यंत थांबेन. मग जाईन. पण मग मी एकटी जाईन. मला तू यायला पाहिजे. फाटकापर्यंत."

मी हात पुसले आणि सही केली. पटलं म्हणून नाही. ते आजही पटलेलं नाही. ती तीन महिन्यांनी गेलीच असती, आणि मी घरी बसून तळघर आवरलं असतं.

सध्या ती उत्तरेला किनाऱ्यावर शिकते. कुठे ते मला अजून तरी माहीत असतं. बुधवार मी पुस्तकात घातला आणि प्रकाशकाला कळवलं की हवा एका दिवसाचीही काढायची नाही. तो कुरकुरला, पण तयार झाला.

त्याआधी, निवडचाचणीसाठी श्टुटगार्टला आम्ही तिघं गेलो होतो. सासरे मागच्या सीटवर, इस्त्रीचा शर्ट घालून, जणू चाचणी त्यांचीच होती. पहाटे उठून मी धपाटे केले होते. फाटकासमोर गाडी थांबवली. तिने बॅग उचलली आणि मी डबा पुढे केला.

"आई, आत कँटीन आहे."

"असू दे."

"दोन दिवसांत परत येतेय मी." तिने माझ्या गालाला गाल लावला, आजोबांच्या गुडघ्याला हात लावला आणि उतरली. फाटकावरच्या माणसाने तिचा पासपोर्ट बघितला, काहीतरी म्हणाला, ती हसली. मग आत गेली. मागे वळून बघितलं नाही. तिच्या जागी मी असते तर मीही बघितलं नसतं.

डबा तिच्या सीटवर होता.

"चल," सासरे म्हणाले. "इथे गाडी लावायची नाही, पाटी आहे."

"दोन मिनिटं, बाबा."

पुढे वाकून त्यांनी डबा उचलला, उघडला, एक धपाटं काढून खाल्लं. "मीठ कमी आहे गं," म्हणाले आणि डबा माझ्यासमोर धरला.

मी एक तुकडा मोडला. मीठ बरोबर होतं.