रिठावरचे अकरा दगड

लटारूमामा सिडाम हा आमच्या गावातला सर्वांत सरळ माणूस. म्हणूनच त्याला कागदोपत्री कामात घ्यायला मी कचरते. सरळ माणूस विचारलं तेवढंच सांगतो. आपण विचारायला चुकलो तर तो त्या चुकलेल्या प्रश्नाचं खरं उत्तर देऊन तंबाखू मळत बसतो, आणि निस्तरायचं आपण.

मामाचं वय सहासष्ट. अंगावर मांस म्हणून नाही, पण अजून बांबूची मोळी स्वतःच्या खांद्यावर आणतो. प्रत्येक झाडाची दोन नावं त्याला ठाऊक, एक मराठी आणि एक गोंडी. जंगलात तो वाघाचं नाव घेत नाही, 'बाबा' म्हणतो, आणि सोबतच्या कुणी घेतलं तर त्या दिवशी पुढे जात नाही. सहा वर्षांपूर्वी त्याची बायको मीराबाई मोहफुलं वेचायला वाकली होती, तेव्हा बाबाने तिला नेलं. तेव्हापासून मामाचं बोलणं कमी झालं. आधी तो फार बोलायचा अशातलाही भाग नाही.

मी दिव्यानी रामटेके, याच गावच्या बौद्ध मोहल्ल्यातली. वरोऱ्याला वसतिगृहात राहून शिकले, परत आले, आणि अक्षर चांगलं आहे एवढ्या गुन्ह्यासाठी ग्रामसभेने मला वनहक्क समितीची सचिव केलं. दावा सामूहिक वनहक्काचा होता. गावाभोवतीचं जे जंगल आजे-पणजे वापरत आले, तिथला बांबू, तेंदूपान, मोहफूल, डिंक यांवर गावाचा हक्क मान्य करून घ्यायचा. मिळाला तर जंगल कसं राखायचं आणि कसं वापरायचं हे गाव ठरवणार. नाही मिळाला तर आपल्याच मोहाखाली आपण परके. कायदा पुरावा मागतो, आणि जुना म्हणावा असा कागद आमच्याकडे एकही नव्हता.

होती ती रीठ. रीठ म्हणजे उठून गेलेल्या गावाची जागा. पोंभुर्ण्याकडून आमच्या गावी आलात की सडक संपते, आणि तिथून आत तीन किलोमीटरवर, नाल्याच्या वळणाला, आमचं मूळ गाव होतं. मामाच्या आज्याच्या काळात पटकीची साथ आली, निम्मी माणसं गेली, उरलेली सडकेजवळ येऊन राहिली. पण गोंडांनी आपले मेलेले तिथून हलवले नाहीत. माणूस गेला की त्याच्या नावाने एक उभा दगड पुरायचा, आणि तो रिठावरच, ही त्यांची रीत पुढेही चालू राहिली. असे अकरा दगड. शेवटचा मामाच्या आईचा, चाळीस वर्षांपूर्वीचा. दरवर्षी नवं धान घरात आलं की पहिला घास या बुढ्यांना, मग जित्यांना.

याहून चांगला पुरावा कुठला? मी मामाला विचारलं, तुमच्या बुढ्यांची जागा कुठी हाये? तो म्हणाला, रिठावर. किती दगड? अकरा. मी ठसठशीत अक्षरात लिहिलं, 'पूर्वजांचे अकरा दगड रिठावर आजही उभे आहेत,' आणि खाली त्याचा अंगठा घेतला. स्वतः जाऊन पाहिलं नाही. वाघीण पिल्लांसह त्या नाल्यात फिरत होती, आणि मी काही शूर नाही.

दावा तपासायला तालुक्याहून साहेब येणार होते. त्यांच्या स्थळपाहणीची तारीख कळली तेव्हा आठ दिवस उरले होते. कोणत्या वाटेने न्यायचं ते विचारायला मी मामाच्या घरी गेले. तो वाडीत, घरामागच्या परसात, होता म्हणून मागे गेले, तर गोठ्यापलीकडे तुरीच्या धांड्यांच्या कुंपणाला लागून दगडांची रांग. ओली, हळद लावलेली. मी मोजले. अकरा.

"मामा, हे कोनाचे?"

"आमच्या बुढ्यांचे."

"रिठावरचे ते?"

"हेच ते."

"मंग तुमी मले रिठावर हायेत म्हून काऊन सांगतलं?"

"तू जागा इचारली," तो शांतपणे म्हणाला. "जागा तं तिथीच हाये. इथी ते पाव्हणे हायेत."

मला ओरडावंसं वाटलं, ओरडले नाही. हळूहळू सगळं कळलं. मीराबाई गेल्यावर रिठावर जायला कुणी तयार होईना. नवं धान आलं आणि बुढे उपाशी. मामाला ते सहन झालं नाही. त्याने दोन माणसं आणि बैलबंडी घेतली, एका दिवसात अकराही दगड उपटून आणले आणि आपल्या वाडीत पुरले. गावाने त्याला धन्य म्हटलं, जेवण झालं. मी तेव्हा वरोऱ्याला होते. अख्ख्या गावाला ही गोष्ट ठाऊक होती आणि ती सचिवबाईच्या कानावर घालावी असं एकालाही वाटलं नाही. मायेपोटी या लोकांनी आपला एकुलता एक पुरावा जंगलातून उचलून गोठ्यामागे आणून ठेवला होता, आणि मी त्यावर खोटं लिहून बसले होते.

दुसऱ्या दिवशी ग्रामसभा बसली. ट्रॅक्टर चालवणारा विक्की म्हणाला, "टेन्शन काऊन घेता? ट्रॅक्टरवर टाकतो, दोन घंट्यात रिठावर उभे करून येतो. साहेबाले का समजते?" बऱ्याच माना हलल्या. खरं सांगते, माझीही हलली. ती जागा त्यांचीच, दगड त्यांचेच, मग खोटं ते काय, असं मी मनाला समजावून टाकलं होतं.

"नाई," मामा म्हणाला.

"काऊन नाई?"

"दगड हलवाचे नाई."

किती विचारलं तरी तेवढंच. आठ दिवसांत दावा बुडणार हे मला दिसत होतं, आणि हा माणूस जमिनीकडे बघत बसला होता. माझं डोकं फिरलं. मी म्हणाले, "दगडाचं कशाले सांगता मामा, बाबाले भेतो म्हून सांगा ना."

मीराबाईचं नाव कुणी घेतलं नाही, घ्यायची गरजही नव्हती. मामाची थोरली बहीण मनकर्णाबाई, नवरा गेल्यापासून भावाकडेच राहते, तिने माझ्याकडे असं पाहिलं की मला तिथून उठून जावंसं वाटलं. मामा म्हणाला, "हो. भेतो," आणि घरी निघून गेला. शेवटी ठरलं ते असं, की दगड इथेच राहतील, साहेबांना रिठावर न्यायचं आणि खरं काय ते सांगायचं. ठरवताना कुणाच्याही चेहऱ्यावर विश्वास नव्हता.

ते आठ दिवस मला धड जेवण गेलं नाही. वनरक्षकाने नाल्याच्या वाळूत वाघिणीचे ताजे ठसे पाहिले होते, पाहणी पुढे ढकला म्हणून तो रोज सांगत होता. ढकलली तर पुढची तारीख कधी मिळेल याचा भरवसा नव्हता, आणि नेलं आणि काही झालं तर त्याला जबाबदार मी. माफी मागायला दोनदा मामाच्या अंगणापर्यंत गेले आणि परत आले. मनकर्णाबाई नळावर भेटली तर म्हणाली, "भाऊ जेवून नाई राह्यला, व. दगडांपाशी बसते अन् मायच्या दगडाले हात लावते. बोलत तं नाईच." मी म्हटलं, जंगलात जायची धास्ती घेतली असेल. तिने भरलेला हंडा उचलला आणि चालू लागली.

पाहणीच्या दिवशी सकाळी नऊला निघालो. साहेब, दोन वनरक्षक, विक्की आणि गावातले पाच-सहा जण, मनकर्णाबाई, मी, आणि सर्वांत पुढे मामा. फेब्रुवारीचे शेवटचे दिवस. सागाची पानं गळून वाटेवर पसरली होती आणि प्रत्येक पावलाला ती कुरकुरायची, त्यामुळे दुसरा कुठलाच आवाज नीट ऐकू येत नव्हता. मला हीच भीती होती. बांबूच्या बेटाशी गव्यांचं शेण पडलं होतं, एका ऐनाच्या खोडावर उंच ओरखडे होते. वनरक्षकाने काठीने दाखवले.

एका मोहाखाली दगडांचा आणि वाळलेल्या डहाळ्यांचा ढीग होता. बाबाने माणूस नेला त्या जागी जाणाऱ्या-येणाऱ्याने एक दगड किंवा डहाळी टाकायची असते. मामाने टाकली, मनकर्णाबाईने टाकली, मग आम्ही सगळ्यांनी. साहेबांनी काही न विचारता एक खडा उचलून ठेवला. मला तो माणूस तिथे बरा वाटला, आणि त्याला फसवलंय या विचाराने आणखीच जीव कासावीस झाला.

रिठावर घाणेरी माजली होती, डोक्याइतकी. आंब्याची तीन जुनी झाडं, दोन चिंचा, बुजलेली विहीर. मी सगळं सांगितलं. दगड होते, सहा वर्षांपूर्वी भीतीने हलवले, मी न पाहता लिहिलं, चूक माझी. साहेबांनी फाईल उघडली, माझं ठसठशीत अक्षर वाचलं आणि मिटली.

"आंबा-चिंच कुठेही उगवते ताई," ते म्हणाले. "दगड कुणाच्या वाडीत असतील, ते इथलेच कशावरून? निदान खड्डे तरी दाखवा."

सहा पावसाळ्यांत खड्डे भरून गेले होते. आम्ही घाणेरी बाजूला सारत फिरलो, सगळीकडे एकसारखी जमीन. तेवढ्यात नाल्याकडून माकडाचं खोकणं आलं, वाघ दिसला की ते खोकतं तसं. एकदा, मग पुन्हा, मग थांबेचना. वनरक्षकांनी एकमेकांकडे पाहिलं. "साहेब, निघू. आत्ता." मी मनात म्हटलं, संपलं. गाव माझ्या एका ओळीने बुडालं.

मामा आमच्यात नव्हता. तो पन्नास पावलांवर, एकटा, नाल्याच्याच बाजूला, ऐनाच्या एका झाडाखाली गुडघे टेकून बसला होता आणि विळ्याच्या टोकाने माती उकरत होता. वनरक्षकाने दबक्या आवाजात हाक मारली. त्याने वळूनही पाहिलं नाही. मी धावत गेले, माझ्यामागे मनकर्णाबाई, तिच्यामागे सगळेच. माकड खोकतच होतं. मामाने विळा टाकला आणि हातांनी माती काढायला लागला. हातभर खोल एक दगड लागला. वरून तुटलेला, धार अजून पांढुरकी. ऐनाची मनगटाएवढी मुळी त्याला वेढा घालून बसली होती.

"हा मायच्या दगडाचा पाय," मामा म्हणाला. तो साहेबांशी नाही, बहिणीशी बोलत होता. "बाकीचे दोघं बैलांपाशी होते. असंच माकड खोकून राह्यलं होतं. म्या घाई केली. पहारीनं जोर लावला, मुळीनं सोडलं नाई, अन् माय मोडली. वरचा तुकडा नेला, खोल गाडला, कोनाले सांगतलं नाई. परत उपटला असता तं सगळ्याईनं पाह्यलं असतं. ह्या पोरीनं भेतो का म्हून इचारलं, म्या हो म्हटलं. तुलेच भेत होतो, बाई."

मला त्या ऐनाखाली धरणी पोटात घेईल तर बरं असं वाटलं. आठ दिवस मी त्याला वाघाला भिणारा समजत होते, आणि आत्ता आम्ही सगळे घाबरून निघालो असताना तोच तेवढा मागे थांबला होता.

साहेब खाली बसले. त्यांनी मुळीवरून बोटं फिरवली, वनरक्षकाला विचारलं, इतकी जाड व्हायला किती वर्षं? तो म्हणाला, तीस तरी, जास्तच. साहेबांनी मुळीला मोजायचा टेप लावला, फोटो काढले, आणि म्हणाले, आता गावात जाऊन वरचा तुकडा काढू, जुळतो का पाहू. माकड एव्हाना थांबलं होतं, वनरक्षक नाल्याकडे तोंड करून उभे राहिले, आणि साहेबांनी जागीच पंचनामा लिहायला घेतला. माझ्या ओळीवर त्यांनी रेघ मारली आणि शेजारी स्वतःच्या हाताने नवी लिहिली. दाव्याचा निकाल अजून लागायचा आहे, तो काय लागेल मला माहीत नाही. पण ती ओळ खरी आहे.

ते लिहीत असताना मनकर्णाबाई मामाशेजारी खाली बसली. तिने त्या तुटक्या दगडावर हात ठेवला.

"सहा वर्सं आपुन मायच्या अर्ध्याच अंगाले पानी घालून राह्यलो होतो का रे?"

मामाने मान हलवली. तो रडत होता, आणि लपवत नव्हता. मनकर्णाबाईने पिशवीतून पाण्याची बाटली काढली. आमच्या वाट्याला घोट घोट येईल एवढंच पाणी उरलं होतं. तिने ते सगळं त्या खड्ड्यात ओतलं, पदराने हात पुसले आणि भावाच्या दंडाला धरलं.

"ऊठ," ती म्हणाली. "वरची माय घरी वाट पाहून राह्यली. तिलेबी सांगा लागन."